आमच्या मंडळीची तीन कुलपांची पेटी

नंदुरबार जिल्ह्यातल्या आमच्या मंडळीत, म्हणजे आमच्या चर्चमध्ये, सेवेचं काम आधी नव्हतं असं नाही. डिसेंबरात ब्लँकेटं वाटली जायची, जूनमध्ये वह्या दिल्या जायच्या, कोणाकडे मयत झाली तर डबे जायचे, आणि एखादं आजारपण मोठं निघालं तर रविवारी दानार्पणानंतर त्याच्यासाठी वेगळी थाळी फिरायची. पण कोणाला किती दिलं, का दिलं, दिल्यावर त्या घराचं पुढे काय झालं, हे कुठेच लिहिलेलं नसायचं. ज्याची पंच कमिटीत ओळख त्याचं दुखणं आधी कळायचं. जो उपासनेला शेवटच्या सतरंजीवर बसून आशीर्वाद होताच निघून जायचा, त्याचं कळायचंच नाही. गेल्या काही वर्षांत आम्ही हे काम नव्याने उभं केलं. मी सेवा समितीची खजिनदार आहे. पोटापाण्यासाठी एका पतसंस्थेत हिशोब लिहिते. दुसऱ्या मंडळ्यांतून आता विचारणा होते, की तुम्ही नक्की केलं काय? म्हणून हे सविस्तर लिहिते आहे.

आधी थोडं मागचं. खान्देशातल्या प्रोटेस्टंट मंडळ्यांची मुळं मिशनच्या कामात आहेत. जळगाव, भुसावळ, चाळीसगाव भागात ख्रिश्चन अँड मिशनरी अलायन्सचे लोक आले, आमच्या पश्चिम खान्देशात स्वीडिश अलायन्स मिशनचे. 1899–1900 च्या दुष्काळाने या मुलखात आणि शेजारच्या गुजरातेत माणसं अक्षरशः रस्त्यावर मरत होती. त्या काळात मराठी मुलखातल्या मिशनांनी अनाथ मुलांसाठी घरं उघडली, आणि पंडिता रमाबाईंनी केडगावला मुक्ती सदनात दुष्काळातल्या मुली आणून जगवल्या. पुढे शाळा आल्या, बोर्डिंगं आली, दवाखाने आले. नवापूर तालुक्यातलं चिंचपाड्याचं ख्रिश्चन हॉस्पिटल 1942 पासून आहे आणि आता ते इमॅन्युएल हॉस्पिटल असोसिएशन या भारतीय संस्थेच्या रुग्णालयांपैकी एक आहे. आमच्यातल्या कितीतरी घरांत पहिली शिकलेली बाई ही मिशनच्या बोर्डिंगात शिकलेली आजी असते, पहिली नोकरी नर्सची किंवा मास्तरकीची असते. हे ऋण मी मनापासून मानते.

पण त्याच इतिहासाने आम्हाला एक सवयही लावली. देणारा बाहेरचा आणि घेणारे आम्ही. परदेशी मिशनरी परत गेले, त्यांच्याबरोबर पैसा आटला, कंपाउंडातली कौलं गळायला लागली, तरी "मिशन बघेल" हे वाक्य दोन पिढ्या टिकून राहिलं. आपण स्वतःच आता ती देणारी मंडळी आहोत, हे कळायला आम्हाला फार वेळ लागला.

सुरुवात वार्षिक सभेत झाली. जमाखर्च वाचून झाल्यावर मिरचीच्या पथारीवर काम करणारी एक मावशी उभी राहिली. (नंदुरबारला मिरची वाळत घालण्याची मोठी मैदानं आहेत, त्यांना पथारी म्हणतात, हंगामात शेकडो बाया तिथे देठं खुडायला बसतात.) ती म्हणाली, आमच्या वस्तीत दोन म्हाताऱ्या बायांना ब्लँकेट मिळालं नाही आणि ज्यांच्या घरी दिवाण आहे त्यांना मिळालं. सभा गप्प झाली. पाळक साहेबांनी (म्हणजे पास्टरांनी) वाद मिटवला नाही, उलट तिथेच पवित्र शास्त्र उघडून प्रेषितांच्या कृत्यांचा सहावा अध्याय वाचला. यरुशलेमेतल्या पहिल्या मंडळीत हीच तक्रार होती: ग्रीक बोलणाऱ्या विधवांकडे रोजच्या वाटपात दुर्लक्ष होत होतं. प्रेषितांनी तेव्हा सात माणसं निवडायला लावली. साहेबांनी त्या सातांची नावं हळूहळू वाचली, स्तेफन, फिलिप्प, प्रखर, निकानोर, आणि म्हणाले, ही सगळी नावं ग्रीक आहेत. म्हणजे ज्यांची तक्रार होती, त्यांच्याच माणसांच्या हाती वाटप दिलं. त्या दिवशी आमची सेवा समिती निवडली गेली आणि पथारीवरची ती मावशी तिच्यात पहिली आली. बाकीच्यांत एक निवृत्त परिचारिका, एक रिक्षावाले भाऊ, एक आश्रमशाळेतले शिक्षक, तरुण संघाचे दोघं आणि मी.

पहिला प्रश्न पैसा ठेवायचा कुठे हा नव्हता. त्याच्यावर विश्वास कसा बसेल, हा होता. आमचे पाळक साहेब पुण्याच्या युनियन बिब्लिकल सेमिनरीत शिकलेले. त्यांनी जर्मनीतल्या लाइसनिग गावाची गोष्ट सांगितली. 1523 साली तिथल्या मंडळीने मार्टिन ल्यूथरच्या सल्ल्याने एक सामाईक पेटी केली. गावातले दानधर्माचे सगळे पैसे एकत्र, आणि त्यातून अनाथ, म्हातारे, आजारी, कर्जात बुडालेले कारागीर यांना मदत. पेटीला चार वेगवेगळी कुलपं होती. एक किल्ली उमरावांकडे, एक नगरपरिषदेकडे, एक गावकऱ्यांकडे, एक आसपासच्या शेतकऱ्यांकडे. चौघं हजर असल्याशिवाय पेटी उघडायची नाही.

ही गोष्ट ऐकल्यावर मावशी म्हणाली, आपण तशीच करू. एका सुतारभाऊंनी सागाची पेटी करून दिली, तिला तीन कड्या लावल्या. एक किल्ली माझ्याकडे, एक महिला संगतीच्या अध्यक्षबाईंकडे, एक पथारीच्या वस्तीत मावशीकडे. खरा पैसा अर्थात बँकेत असतो, दोन सह्यांशिवाय निघत नाही. पेटीत रविवारची रोख, पावतीपुस्तकं आणि नोंदवही. पण महिन्यातून एकदा उपासनेनंतर सगळ्यांदेखत ती तीन किल्ल्यांनी उघडते, रक्कम मोठ्याने मोजली जाते, फळ्यावर लिहिली जाते. पतसंस्थेतल्या नोकरीने मला एक गोष्ट शिकवली आहे: हिशोब बरोबर असणं पुरत नाही, ज्याचा पैसा आहे त्याला तो बरोबर आहे हे स्वतःच्या डोळ्यांनी दिसलं पाहिजे.

कागदपत्रांचं काम कंटाळवाणं, पण टाळू नये. आमच्या मंडळीचा ट्रस्ट महाराष्ट्र सार्वजनिक विश्वस्त व्यवस्था अधिनियम, 1950 खाली नोंदलेला आहे. विश्वस्त बदलले की कलम 22 प्रमाणे 90 दिवसांत बदल अर्ज द्यावा लागतो. आमचे कित्येक बदल नोंदलेलेच नव्हते. दोन विश्वस्त तर प्रभूकडे जाऊन बरीच वर्षं झाली होती आणि कागदावर तेच सही करणारे होते. ते निस्तरायला एका वकीलभाऊंनी फी न घेता मदत केली. मग उद्देशांची कलमं वाचली. उपासना, शिक्षण, गरिबांना साहाय्य, हे सगळं जुन्या मसुद्यात होतं, म्हणून वेगळी संस्था काढायची गरज पडली नाही. हे आधी तपासा, असं मी प्रत्येक मंडळीला सांगते. नव्या संस्थेचा उत्साह मोठा असतो, पण तिचं दरवर्षीचं ऑडिट कोण करणार हे कोणी विचारत नाही.

परदेशी पैशाचा प्रश्न लगेचच आला. आमच्या मंडळीतली काही मुलं बाहेरदेशी आहेत, आणि जुन्या मिशनच्या ओळखीतूनही कोणी कोणी विचारतं. विदेशी अंशदान कायद्याची नोंदणी नसताना असा पैसा घेता येत नाही, पाळकांच्या खाजगी खात्यावर तर मुळीच नाही. नोंदणी केली तरी 2020 च्या दुरुस्तीनंतर तो पैसा फक्त दिल्लीतल्या स्टेट बँकेच्या मुख्य शाखेतल्या खात्यातच येतो आणि प्रशासनावर त्यातला 20 टक्क्यांपर्यंतच खर्च करता येतो. दुबईतला आमचा मुलगा भारतीय पासपोर्टवर आहे, त्याने स्वतःच्या बचतीतून बँकेमार्फत पाठवलेलं दान या कायद्यात विदेशी धरलं जात नाही. परदेशी नागरिकत्व घेतलेल्या नातेवाइकाचं मात्र धरलं जातं, त्याच्याकडे ओसीआय (परदेशस्थ भारतीय नागरिक) कार्ड असलं तरी. हे सगळं समजून घेतल्यावर समितीने ठरवलं की परदेशी पैसा नकोच. कायद्याची भीती हे त्याचं अर्धंच कारण. उरलेलं अर्धं कारण मी वर लिहिलं ते: आम्हाला देणारे व्हायचं होतं.

पण देणार काय? आमच्या मंडळीत पगारदार थोडे, हातावर पोट असलेले जास्त. इथे पाळक साहेबांनी सेमिनरीतल्या मिझो मित्रांकडून ऐकलेली पद्धत सांगितली. मिझोरमच्या प्रेस्बिटेरियन मंडळीत साधारण 1910 पासून घरातली बाई स्वयंपाकाला तांदूळ काढताना आधी एक मूठ देवाच्या कामासाठी बाजूला ठेवते; तिकडे त्याला बुहफाई थाम म्हणतात. त्या मुठीमुठीच्या तांदळावर त्या मंडळीने मोठं काम उभं केलं आहे. आमच्याकडे भात रोजचा नाही, पण दादर (रब्बी ज्वारी) तर प्रत्येक घरात आहे. महिला संगतीने ठरवलं, भाकरीचं पीठ दळायला द्यायच्या आधी एक मूठ दादर डब्यात. महिन्याच्या पहिल्या रविवारी डबा घेऊन यायचं.

पहिल्याच महिन्यात त्या दोन म्हाताऱ्या बायांपैकी एक, जिच्या ब्लँकेटावरून सगळं सुरू झालं ती, रिकाम्या डालड्याच्या डब्यात दादर घेऊन आली. समितीतल्या एका ताईंनी तिला हळूच सांगितलं, आजी, तुम्ही नाही आणलं तरी चालेल. आजी म्हणाली, "का बरं? दरसाल मी लेत उनू, यंदा मी बी देसू." (दर साल मी घेत आले, यंदा मीही देणार.) तिचा डबा इतरांच्या डब्यांबरोबर मापला गेला. त्या दिवसापासून आमच्या नोंदवहीत घेणाऱ्यांची वेगळी यादी आणि देणाऱ्यांची वेगळी यादी, असं राहिलंच नाही. तीच नावं दोन्हीकडे दिसतात. या कामातल्या कोणत्याही गोष्टीचा मला इतका आनंद झालेला नाही. कापणीच्या सणाला भोपळे, तुरीच्या शेंगा, कोंबड्या यांचा लिलाव होतो, त्यातला ठरलेला भागही आता पेटीत येतो, आणि एक दुधी भोपळा तीनदा विकत घेऊन तीनदा परत मंडळीला देणारे लोक आमच्याकडे आहेत.

दुसरा टप्पा घरभेटींचा. शहराचे आणि आसपासच्या पाड्यांचे भाग पाडले, प्रत्येक भागाला समितीतलं एक माणूस. ही कल्पनाही नवी नाही. स्कॉटलंडमध्ये ग्लासगोच्या सेंट जॉन्स पॅरिशमध्ये थॉमस चाल्मर्स यांनी 1819 मध्ये पॅरिशचे 25 भाग केले, प्रत्येकावर एक डीकन (मंडळीचा सेवक) नेमला आणि गरजू घरांची चौकशी त्याच्यावर सोपवली. चाल्मर्स यांचं मात्र म्हणणं होतं की गरिबांना सरकारी मदत देऊच नये, त्याने शेजारधर्म मरतो. हे मला अजिबात पटत नाही. आमच्या घरभेटींत जे पहिल्यांदा ध्यानात आलं ते हेच, की माणसाच्या हक्काचं जे सरकारकडे पडून आहे ते त्याच्यापर्यंत पोहोचवणं हेच मंडळीचं पहिलं काम. विधवा बाईला संजय गांधी निराधार योजनेत महिन्याला 1,500 रुपये मिळू शकतात. त्यासाठी कुटुंबाचं वार्षिक उत्पन्न 21,000 रुपयांच्या आत असल्याचा दाखला किंवा दारिद्र्यरेषेच्या यादीत नाव लागतं. आम्ही पेटीतून अशाच एका बाईला वर्षाकाठी दोनदा किराणा भरून देत होतो, आणि तिने अर्जच केलेला नव्हता, कारण मृत्यूच्या दाखल्यावर नवऱ्याचं नाव आणि आधार कार्डावरचं नाव यांत एका अक्षराचा फरक होता. ते अक्षर दुरुस्त करून आणणं ही आमच्या वर्षभराच्या किराण्यापेक्षा मोठी मदत ठरली.

याला पैसे लागत नाहीत. सकाळी रांगेत कोणीतरी सोबत उभं राहावं लागतं. एका कार्यालयात त्याच खिडकीवरून एकट्या बाईला "उद्या या" ऐकायला मिळतं आणि सोबत कागद वाचणारं माणूस असलं की अर्जावर पोच मिळते. हे मी पुन्हा पुन्हा पाहिलं आहे आणि दर वेळी मला संताप येतो. म्हणून आमच्या नोंदवहीत "दिलेली रक्कम" या रकान्याच्या शेजारी "सोबत कोण गेलं" हा रकाना आहे. तो रिकामा असला तर समितीच्या बैठकीत कारण विचारलं जातं.

एका घराबद्दल सविस्तर सांगते, कारण आमचे बहुतेक नियम त्या घराने घडवले.

आश्रमशाळेतल्या शिक्षकभाऊंनी एका मुलाबद्दल सांगितलं. सहावीतला, मावची या आदिवासी समाजातला, नवापूरकडच्या एका पाड्यावरचा. हिवाळ्यात त्याचे हातपाय इतके दुखायचे की तो रात्रभर रडायचा, आणि काही महिन्यांपासून लंगडत होता. आईवडील दिवाळीनंतर मुकादमाची उचल घेऊन गुजरातेत ऊसतोडीला जायचे. हे घर आमच्या मंडळीतलं नाही. त्यांचं देवस्थान देवमोगऱ्याला. बैठकीत एकाने विचारलं, आपल्याच लोकांचं पुरं होत नाही, मग हे कशाला? प्रश्न दुष्टपणाने विचारलेला नव्हता, पेटीत खरंच थोडे पैसे होते. त्यावर बरीच चर्चा झाली. शेवटी निवृत्त परिचारिकाबाई म्हणाल्या की मी मिशनच्या दवाखान्यात उभी हयात काढली, तिथे केसपेपरवर मंडळी कुठली असा रकाना नव्हता. नियम ठरला: गरज पाहायची, दूरचं-जवळचं पाहायचं ते फक्त सोबत जायला माणूस मिळेल का एवढ्यासाठी.

दुसरा नियम त्याच बैठकीत ठरला आणि तो मला पहिल्याहून महत्त्वाचा वाटतो. मदतीच्या कामात आपण होऊन प्रार्थना नाही, पत्रक नाही, उपासनेचं आमंत्रण नाही. कोणी स्वतः म्हटलं की आमच्यासाठी प्रार्थना करा, तर जरूर करायची. पण ज्याचं मूल खाटेवर आहे तो आपल्याला नाही म्हणू शकत नाही, आणि ज्याला नाही म्हणता येत नाही त्याचं हो घेऊ नये. आमच्यातल्या काहींना हा नियम श्रद्धेत कमी पडणारा वाटला. मला उलट वाटतं. प्रभूने दहा कुष्ठरोग्यांना बरं केलं, एकच परत आला, बाकी नवांचं बरं होणं काही काढून घेतलं गेलं नाही. पाड्यावरच्या एका तरुणाने आम्हाला तोंडावर विचारलं होतं, "बदल्यात तुम्ही घेता काय?" शिक्षकभाऊंनी त्याला नोंदवही दाखवली, नियमांचं पान वाचून दाखवलं. तोच तरुण पुढे आमच्याबरोबर मोटारसायकलवर औषधं पोहोचवू लागला.

मुलाची तपासणी केली तेव्हा सिकलसेल निघाला, वाहक नव्हे, आजारच. सातपुड्याच्या या पट्ट्यात भिल्ल, पावरा, मावची समाजांत हा आजार पुष्कळ आहे. आई आणि वडील दोघंही वाहक असले तर प्रत्येक मुलाला आजार होण्याची शक्यता चारात एक. रक्तातल्या लाल पेशी विळ्यासारख्या वाकतात, बारीक रक्तवाहिन्यांत अडकतात, आणि थंडी, तहान, दमणूक, ताप यांनी दुखण्याचे झटके येतात. मुलाच्या खुब्याच्या हाडाचा रक्तपुरवठा त्यामुळेच कमी झाला होता. परिचारिकाबाईंनी आईला तिच्या बोलीत समजावून सांगितलं, कारण डॉक्टरांच्या मराठीतलं तिला अर्धंच कळलं होतं. आम्ही इतकी वर्षं वाटत आलेलं ब्लँकेट या मुलासाठी खरोखर औषध होतं, हे तेव्हा कळलं. पण ते डिसेंबरअखेर देऊन चालणार नव्हतं, थंडी पडायच्या आत द्यायला हवं होतं, आणि त्याच्याबरोबर पाण्याची बाटली, फोलिक अ‍ॅसिड आणि हायड्रॉक्सियुरियाच्या गोळ्या हव्या होत्या. त्या गोळ्या सरकारी दवाखान्यात मोफत मिळतात, मात्र त्यांच्यासाठी ठरावीक काळाने रक्त तपासावं लागतं.

खुब्याच्या तपासणीसाठी मोठ्या शहरातल्या एका ट्रस्टच्या रुग्णालयात जावं लागलं. काउंटरवर आधी डिपॉझिट मागितलं. माझ्याकडे पिशवीत तहसीलदारांचा उत्पन्नाचा दाखला, रेशनकार्ड आणि मुलाचं आधार होतं, आणि डोक्यात त्याच विश्वस्त कायद्याचं कलम 41 कक. धर्मादाय रुग्णालयांना 10 टक्के खाटा निर्धन रुग्णांसाठी मोफत आणि आणखी 10 टक्के दुर्बल घटकांसाठी सवलतीत ठेवाव्या लागतात; वर्षाला 1,80,000 रुपयांपर्यंत उत्पन्न असेल तो निर्धन, 3,60,000 पर्यंत असेल तो दुर्बल घटक. त्यासाठी रुग्णालय आपल्या बिलांच्या 2 टक्के रक्कम निर्धन रुग्ण निधीत बाजूला काढतं. मी आवाज चढवला नाही, वैद्यकीय समाजसेवकांचं टेबल कुठे आहे एवढंच विचारलं. ते टेबल तळमजल्यावरच होतं. तिथल्या ताईंनी कागद पाहिले आणि दाखल करून घेतलं. डॉक्टरांनी शस्त्रक्रिया सध्या नको म्हटलं. कुबड्या, व्यायाम, वजन न टाकणं आणि गोळ्यांचा नेम. आमच्या पेटीतून गेलं ते प्रवासभाडं, आईचं जेवण, आणि वडिलांची बुडालेली मजुरी. रात्री आईबरोबर थांबायला महिला संगतीच्या बायकांनी पाळ्या लावल्या. रक्ताची गरज पडली तेव्हा तरुण संघाची मुलं गेली. सिकलसेलच्या रुग्णाला रक्त मोफत मिळतं, पण रक्तपेढीत रक्त असावं लागतं, आणि ते कोणीतरी द्यावं लागतं.

मग अपंगत्वाचा दाखला. 2016 च्या दिव्यांग हक्क कायद्यात ज्या 21 प्रकारांचा समावेश आहे त्यांत सिकलसेल आहे, हे आमच्यात कोणालाच माहीत नव्हतं. ऑनलाइन अर्ज, मग वैद्यकीय मंडळापुढे हजेरी, मग कार्ड. या कामात वेळ गेला, पण ते झाल्यावर परिचारिकाबाईंनी आमच्या मंडळीतल्याच घरांची चौकशी केली आणि आणखी मुलं सापडली, ज्यांच्या आया वर्षानुवर्षं "हाडं दुखतात" म्हणून तेल चोळत होत्या. दूरच्या घराला मदत केल्याने जवळचं घर वंचित राहील अशी भीती होती. झालं ते उलटंच.

या सगळ्यात आम्ही काही गोष्टी बंद केल्या. फोटो बंद. उपासनेत नाव घेऊन मदत जाहीर करणं बंद. वार्षिक सभेत रकमा वाचल्या जातात, घरांना क्रमांक असतात. उसने पैसे देणं बंद, कारण उसनं फिटलं नाही की माणूस चर्चला येणं सोडतो. लग्नखर्चाला मदत नाही, यावरून काही घरं रुसली आहेत आणि अजून रुसलेलीच आहेत. दारूने उद्ध्वस्त झालेल्या घरात काय करावं याचं उत्तर आम्हाला सापडलेलं नाही. पैसा दिला की तो कुठे जातो ते दिसतं, न दिला की मुलं उपाशी राहतात. सध्या अशा घरातल्या मुलांची जेवणं शेजारच्या दोन घरांत लावली आहेत, आणि तो काही कायमचा उपाय नव्हे.

शिष्यवृत्तीच्या अर्जांत आणखी एक अडचण दर वर्षी येते. आदिवासी कुटुंब ख्रिस्ती झालं तरी त्याचं अनुसूचित जमातीचं स्थान जात नाही. पण 1950 च्या राष्ट्रपतींच्या आदेशानुसार अनुसूचित जातीचं स्थान हिंदूंपुरतं होतं, पुढे 1956 मध्ये शिखांना आणि 1990 मध्ये बौद्धांना ते मिळालं, ख्रिस्ती झालेल्यांना नाही. एकाच बाकावर बसून एकच गीत म्हणणाऱ्या दोन घरांतल्या मुलांचे अर्ज त्यामुळे वेगळ्या वाटेने जातात. ज्यांना महाराष्ट्रात इतर मागासवर्गाचा दाखला मिळतो, त्यांना तो काढून देण्याचं काम शिक्षकभाऊंनी अंगावर घेतलं आहे. फीमधला फरक पेटीतून भरतो. दुखणं मोठं आहे, पेटी त्याला पुरत नाही, आणि हे न्यायाचं काम आहे, दानाचं नाही, असं माझं ठाम मत आहे.

आता दिवाळी जवळ आली आहे आणि सिकलसेलच्या त्या मुलाचे आईवडील पुन्हा बारडोलीकडे तोडीला निघतील. यंदा ते मुलाला मागे ठेवायला तयार नाहीत, कारण मुलाची आजी वारली. पडावावर (तोडणी मजुरांच्या तळावर) पाणी कमी, थंडी मोकळ्या रानातली, गोळ्या संपल्या तर दवाखाना अनोळखी. पाळक साहेबांनी गुजरातेतल्या व्याऱ्याच्या एका मंडळीला पत्र लिहिलं. तिथल्या लोकांनी उलट फोन करून मुकादमाचं नाव, पडावाची जागा आणि मुलाचा रक्तगट विचारून घेतला. त्यांच्यातले एक भाऊ दर पंधरवड्याला पडावावर जाणार आहेत. आम्ही गोळ्यांची नावं, प्रमाण आणि "ताप आला तर त्याच दिवशी दवाखान्यात न्या" ही सूचना गुजरातीत लिहून घेतली आहे. एक प्रत आईच्या पिशवीत, एक मुकादमाकडे, एक व्याऱ्याला. नोंदवहीत "सोबत कोण" या रकान्यात पहिल्यांदाच दुसऱ्या राज्यातल्या माणसाचं नाव लिहिलं आहे, आणि हिवाळी गोळ्यांचा पहिला साठा येत्या रविवारच्या आत घ्यायचा आहे, कारण ट्रक सोमवारी पहाटे निघतो.